रोबेर्तो क्लेमेंते : ‘बॉब’ हे नाव न मानलेला खेळाडू

सांजवारा

बेसबॉलच्या इतिहासात तीन हजार हिटचा (फटका मारून बेसवर सुखरूप पोहोचणे म्हणजे एक हिट) टप्पा गाठलेले फलंदाज मोजकेच आहेत आणि त्यांच्यातल्या एकाच्या नावापुढे बरोबर ३,००० हा आकडा लागलेला आहे. पिट्सबर्ग पायरेट्सच्या रोबेर्तो क्लेमेंतेने, जो राइट फील्डमध्ये, म्हणजे मैदानाच्या उजव्या कडेला क्षेत्ररक्षण करत असे, तो ३० सप्टेंबर १९७२ रोजी न्यू यॉर्क मेट्सच्या जॉन मॅटलॅकला डबल (दुसऱ्या बेसपर्यंत नेणारा हिट) मारून गाठला. खरे तर आदल्या रात्रीच काम झाले असते, पण टॉम सीव्हरच्या चेंडूवर त्याने मारलेला फटका क्षेत्ररक्षकाच्या हातून निसटला आणि स्कोअररने ती क्षेत्ररक्षकाची चूक ठरवली. तीन महिन्यांनी, वर्षाच्या शेवटच्या रात्री, क्लेमेंतेचे विमान समुद्रात कोसळले आणि आकडा तिथेच थांबला.

त्याच्या मृत्यूची गोष्ट बेसबॉल न पाहणाऱ्यांनीही कुठेतरी वाचलेली असते. त्या शेवटामुळे आधीचा माणूस झाकला जातो असे मला वाटते, म्हणून हा धागा काढतो आहे. क्लेमेंते मानी होता, चटकन चिडत असे, आपल्याविषयी कोणी काय लिहिले हे विसरत नसे, आणि त्याच्या रागाला बहुतेक वेळा सबळ कारण असे.

त्याचा जन्म १८ ऑगस्ट १९३४ रोजी प्वेर्तो रिकोतल्या कारोलिना या गावी झाला. वडील मेल्चोर उसाच्या मळ्यावर मुकादम होते आणि रोबेर्तो हे घरातले शेंडेफळ. प्वेर्तो रिकोच्या रहिवाशांना १९१७ पासून अमेरिकेचे नागरिकत्व आहे, म्हणजे कागदोपत्री तो जन्मापासून अमेरिकन होता. तरीही मुख्य भूमीवर पाऊल ठेवल्यावर त्याला दोन गोष्टी एकदम कळल्या : तिथल्या गोऱ्यांच्या लेखी तो काळा होता आणि तिथल्या काळ्यांच्या लेखीही तो स्पॅनिश बोलणारा परका होता.

ब्रुकलिन डॉजर्सने १९५४ च्या फेब्रुवारीत त्याला १०,००० डॉलरचा बोनस देऊन करारबद्ध केले. त्या काळच्या नियमानुसार ४,००० डॉलरहून अधिक बोनस घेतलेल्या नवख्या खेळाडूला थेट मुख्य संघात ठेवावे लागे. खालच्या संघात पाठवल्यास हंगामाअखेर दुसरा कोणताही संघ त्याला ठरावीक रक्कम भरून उचलू शकत असे. डॉजर्सने त्याला माँट्रियलच्या आपल्या खालच्या संघात पाठवले आणि तिथेही फारसे खेळवले नाही. त्याला इतरांच्या नजरेआड ठेवण्यासाठीच हे केले गेले का, यावर अभ्यासकांचा वाद आहे. तसा हेतू असेल तर तो फसला. पायरेट्ससाठी खेळाडू हेरणारे क्लाइड सुकफोर्थ दुसऱ्याच एका खेळाडूला पाहायला माँट्रियलला आले होते. त्यांनी सरावात क्लेमेंतेची फेक पाहिली आणि गुणतक्त्यात तळाला असल्यामुळे पहिली निवड हाती आलेल्या पिट्सबर्गने १९५४ च्या नोव्हेंबरात त्याला ४,००० डॉलरमध्ये घेतले. मोठ्या लीगमधली वर्णबंदी मोडणारा काळा खेळाडू जॅकी रॉबिन्सन याला हेरून डॉजर्सचे तेव्हाचे कारभारी ब्रँच रिकी यांच्यासमोर उभे करणारे हेच सुकफोर्थ आणि पिट्सबर्गचा कारभार तेव्हा पाहणारेही रिकीच. नंतर १८ हंगाम क्लेमेंतेने दुसऱ्या कोणत्याही मोठ्या संघाचा गणवेश घातला नाही.

आता नावाविषयी. वृत्तपत्रांनी आणि समालोचकांनी त्याचे परस्पर ‘बॉब’ आणि ‘बॉबी’ करून टाकले. टॉप्स कंपनीच्या खेळाडूंच्या चित्रपत्त्यांवर, जे अमेरिकेतली मुले जिवापाड जपत, १९५७ पासून १९६९ पर्यंत ‘बॉब क्लेमेंते’ असेच छापले जात राहिले. तो मात्र विचारेल त्याला आपले नाव रोबेर्तो असल्याचे सांगत राहिला.

नावापेक्षा वाईट गोष्ट उच्चारांची होती. १९६१ च्या ऑल-स्टार (लीगांतल्या निवडक खेळाडूंच्या) सामन्यात दहाव्या डावात विजयी धाव त्याच्या फटक्यावर आली, आणि दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत त्याचे बोलणे त्याच्या उच्चारांसकट छापून आले, ‘हिट’चे ‘हीट’ करून. इंग्रजी मातृभाषा असलेल्या खेळाडूंची वाक्ये हेच वार्ताहर व्याकरण दुरुस्त करून छापत असत. क्लेमेंते संतापला. आपण स्पॅनिशमध्ये विचार करतो, दुसऱ्या भाषेत उत्तर देतो आणि हे लोक त्या उत्तराची टिंगल करतात, ही त्याची तक्रार होती. मुंबईतल्या कार्यालयांत ज्यांच्या इंग्रजीला किंवा गावाकडच्या मराठीला कोणी हसले असेल, त्यांना हा राग समजावून सांगण्याची गरज नाही.

दुखण्यांविषयीही तेच. १९५४ च्या अखेरीस, मरणाच्या दारात असलेल्या भावाला भेटून परतताना, नशेत गाडी चालवणाऱ्याने त्याच्या मोटारीला धडक दिली आणि पाठीच्या मणक्यांमधल्या चकत्या कायमच्या दुखावल्या. फलंदाजीला उभे राहताना मान गोल फिरवण्याची त्याची लकब त्यातूनच आली. पाठ दुखते असे तो म्हणाला की वार्ताहर त्याला दुखणी कुरवाळणारा, कामचुकार म्हणत. प्रत्यक्षात या ‘कामचुकारा’ने पायरेट्सकडून २,४३३ सामने खेळले, जो आकडा त्या संघासाठी विक्रमी आहे.

आकडे थोडक्यात सांगतो. फलंदाजीची सरासरी ०.३१७, म्हणजे हजार संधींमध्ये ३१७ हिट. (क्रिकेटच्या सरासरीशी याचा संबंध नाही, बेसबॉलमध्ये दहापैकी तीन वेळा यशस्वी होणारा फलंदाज उत्तम समजतात आणि दहापैकी चार वेळा तर १९४१ नंतर या लीगांत पूर्ण हंगामभर कोणालाच साधलेले नाही.) चार वेळा नॅशनल लीगमधली (दोन मोठ्या लीगांपैकी पायरेट्सची लीग) सर्वोच्च सरासरी : १९६१, १९६४, १९६५ आणि १९६७. क्षेत्ररक्षणासाठी सलग १२ गोल्ड ग्लव्ह पुरस्कार. १९६६ मध्ये लीगचा सर्वांत मौल्यवान खेळाडू. २४० होम रन (फलंदाजाला एकाच फटक्यात सगळे बेस फिरवून आणणारे फटके), जी संख्या डोळ्यांत भरणारी नाही, पण पिट्सबर्गच्या फोर्ब्स फील्ड मैदानात एका कोपऱ्यातले कुंपण ४५७ फुटांवर होते, तेव्हा शहाणा फलंदाज चेंडू उंच उडवण्यापेक्षा फटीतून सपाट काढत असे.

१९६० च्या वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे दोन लीगांच्या विजेत्यांमधल्या अंतिम मालिकेत, पायरेट्सने बलाढ्य न्यू यॉर्क यांकीजना सात सामन्यांत हरवले आणि क्लेमेंतेने सातही सामन्यांत हिट मारला. तरी त्या वर्षीच्या सर्वोत्तम खेळाडूच्या मतदानात त्याला आठव्या क्रमांकावर टाकले गेले. पहिला आला तो त्याचाच सहकारी डिक ग्रोट. पहिला नंबर न मिळाल्याचे दुःख त्याला नव्हते, आठवा नंबर मात्र त्याला अपमान वाटला, आणि तो सल त्याने शेवटपर्यंत बाळगला. यात कोणाला कोतेपणा दिसेल, मला दिसत नाही.

अकरा वर्षांनी, १९७१ मध्ये, तो ३७ वर्षांचा असताना पायरेट्स पुन्हा वर्ल्ड सिरीजमध्ये पोहोचले. समोर बाल्टिमोर ओरिओल्स होते, ज्यांच्याकडे त्या हंगामात प्रत्येकी वीस किंवा अधिक विजय मिळवलेले चार पिचर (चेंडू टाकणारे खेळाडू) होते. पहिले दोन सामने पिट्सबर्गने गमावले. तिथून क्लेमेंतेने मालिका जवळजवळ खांद्यावर उचलून आणली : सरासरी ०.४१४, पुन्हा सातही सामन्यांत हिट, आणि २-१ असा संपलेल्या निर्णायक सामन्यात एक होम रन. सामना संपल्यावर ड्रेसिंग रूममध्ये समालोचक बॉब प्रिन्स यांनी देशभर दिसणाऱ्या कॅमेऱ्यासमोर त्याच्याकडे ध्वनिक्षेपक धरला. इंग्रजीत काही बोलण्यापूर्वी त्याने परवानगी मागितली आणि स्पॅनिशमध्ये आपल्या मुलांना आशीर्वाद दिला व आईवडिलांकडे आशीर्वाद मागितला. घरातून निघताना थोरांना नमस्कार करावा तसा आशीर्वाद मागण्याची रीत प्वेर्तो रिकोत आहे. दहा वर्षांपूर्वी ज्याच्या उच्चारांची खिल्ली छापली गेली, त्याने आयुष्यातला सर्वांत मोठा क्षण आधी आपल्या भाषेत साजरा केला आणि अमेरिकेने तो न समजता ऐकला.

गल्लीतला यष्टिरक्षक

लेख आवडला. बेसबॉलमधले मला काही कळत नाही, म्हणून एक बाळबोध प्रश्न विचारतो. तो राइट फील्डर होता असे दिसते. आमच्याकडे ज्याला सीमारेषेवर उभे करतात तो बहुधा संघातला थकलेला गोलंदाज असतो. मग राइट फील्डमध्ये उभे राहून एखादा खेळाडू एवढा गाजतो कसा?

सांजवारा

प्रश्न बाळबोध नाही. घरच्या फळीपासून (फलंदाज उभा राहतो ती जागा) घड्याळाच्या उलट्या दिशेने पहिला, दुसरा, तिसरा असे बेस असतात. राइट फील्ड पहिल्या बेसच्या मागे असते आणि तिथून तिसरा बेस सर्वांत लांब पडतो. म्हणून पहिल्या बेसवर उभा असलेला धावपटू, चेंडू उजवीकडे गेला की दुसरा ओलांडून थेट तिसऱ्याकडे धावतो. त्याला रोखायचे तर तीनशे फुटांच्या आसपासची फेक एका टप्प्यात किंवा विनाटप्पा अचूक करावी लागते. क्लेमेंतेने शाळेत असताना भालाफेक केली होती आणि त्या खांद्याचा उपयोग त्याला जन्मभर झाला. कारकिर्दीत अशा फेकींतून त्याने २६६ वेळा धावपटू बाद करण्यात हात दिला. खरा हिशेब मात्र कुठेच लिहिलेला नाही, कारण चेंडू त्याच्याकडे गेला आहे असे पाहून जे धावपटू जागच्या जागी थांबले त्यांची नोंद कोणी ठेवत नाही.

धावण्यातही तो तसाच बेभान होता. २५ जुलै १९५६ रोजी शिकागो कब्जविरुद्ध शेवटच्या डावात तिन्ही बेस भरलेले असताना त्याने चेंडू कुंपणापर्यंत मारला आणि तो धावत सुटला. तिसऱ्या बेसजवळ उभे असलेले व्यवस्थापक बॉबी ब्रॅगन हात वर करून त्याला थांबवत होते, पण तो त्यांच्या शेजारून तसाच पुढे गेला आणि घरच्या फळीवर पोहोचला. पायरेट्स ९-८ असे जिंकले. चेंडू मैदानाबाहेर न जाता चार धावा आणि त्यावर सामना संपला, असे दुसरे उदाहरण नोंदींत सापडत नाही.

अलेघेनीकाठ

मी पिट्सबर्गमध्ये बरीच वर्षे राहतो, शिकायला आलो आणि इथेच रमलो. गावात उतरणाऱ्या नवख्या माणसाला क्लेमेंतेची ओळख पुस्तकातून होत नाही, पुलावरून होते. अलेघेनी नदीवरच्या सहाव्या रस्त्याच्या पिवळ्या पुलाला १९९८ मध्ये त्याचे नाव दिले गेले आणि सामन्याच्या दिवशी तो वाहनांना बंद करून पायी चालणाऱ्यांसाठी मोकळा ठेवतात. पूल ओलांडला की त्याचा पुतळा आणि मागे मैदान. तिथल्या राइट फील्डची भिंत २१ फूट उंच बांधली आहे, कारण त्याच्या पाठीवरचा आकडा २१ होता. तो आकडाही त्याने नावावरूनच घेतल्याचे सांगतात : स्पॅनिशमध्ये ‘रोबेर्तो क्लेमेंते वॉकर’ असे पूर्ण लिहिले की अक्षरे बरोबर २१ भरतात.

फोर्ब्स फील्ड पाडले गेले, पण त्याच्या भिंतीचा एक तुकडा विद्यापीठाच्या आवारात अजून उभा आहे. दर वर्षी १३ ऑक्टोबरला काही मंडळी खुर्च्या घेऊन तिथे जमतात आणि १९६० च्या सातव्या सामन्याचे जुने रेडिओ समालोचन पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकतात. निकाल सर्वांना पाठ असतो, तरी शेवटच्या फटक्याला टाळ्या पडतात. आपल्याकडे ठरलेल्या तिथीला पारायणाला बसतात, तसलाच हा प्रकार.

एक गोष्ट जोडावीशी वाटते. आज शहर त्याला जेवढे आपले म्हणते तेवढे त्याच्या हयातीत म्हणत नव्हते. संघ सरावासाठी फ्लॉरिडात जात असे. वाटेत गोरे खेळाडू उपाहारगृहात जेवत आणि काळ्या खेळाडूंना बसमध्ये बसून राहावे लागे, कोणीतरी बाहेर आणून देईल ते खावे लागे. क्लेमेंतेने हे निमूट सोसले नाही आणि काळ्या खेळाडूंसाठी वेगळी मोटार द्या असा आग्रह धरला. १९६८ च्या एप्रिलमध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांची हत्या झाली तेव्हा अंत्यविधीच्या आधी हंगामाचा पहिला सामना खेळायला पायरेट्सच्या खेळाडूंनी नकार दिला. त्यातही क्लेमेंते पुढे होता. सामना १० एप्रिलपर्यंत लांबला. पुढे १ सप्टेंबर १९७१ रोजी याच संघाने मैदानात उतरवलेल्या नऊही जणांत एकही गोरा नव्हता. मोठ्या लीगमध्ये असे पहिल्यांदाच घडले आणि त्यात तिसऱ्या क्रमांकावर फलंदाजीला होता क्लेमेंते.

कुंपणावरची

सांजवारा, तुमच्या लेखात मृत्यू एका ओळीत उरकला आहे. तुमचा हेतू कळला, पण मला ते पटले नाही. तो संत नव्हता असे म्हणायचे असेल तर त्या विमानाविषयीच बोलायला हवे. चार मुलेबाळे नव्हेत, पण तीन लहान मुलगे घरी असताना, कोणीही शहाणा माणूस ज्यात पाऊल ठेवणार नाही अशा विमानात तो का चढला? हा निर्णय त्यागाचा होता की हट्टाचा, हे मला अजून ठरवता आलेले नाही.

सांजवारा

आक्षेप मान्य आहे, म्हणून सविस्तर लिहितो.

१९७२ च्या नोव्हेंबरात क्लेमेंते निकाराग्वाची राजधानी मानाग्वा इथे हौशी खेळाडूंच्या जागतिक स्पर्धेसाठी प्वेर्तो रिकोच्या संघाचा व्यवस्थापक म्हणून जाऊन आला होता. तिथे त्याच्या ओळखी झाल्या होत्या आणि पाय गमावलेल्या एका मुलासाठी कृत्रिम पायांची सोय करण्याचे त्याने मनावर घेतले होते. २३ डिसेंबरला मध्यरात्रीनंतर मानाग्वात भूकंप झाला, शहराचा मध्यभाग जमीनदोस्त झाला आणि हजारो माणसे मेली. त्या ओळखींमुळे क्लेमेंतेसाठी ती दूरच्या देशातली बातमी नव्हती. सान हुआनमध्ये त्याने मदतसमिती उभी केली, नाताळातले दिवस सामान गोळा करण्यात घालवले आणि आधीची विमाने रवाना केली. मग तिकडून कळू लागले की निकाराग्वाचा हुकूमशहा सोमोसा याच्या राजवटीतले सैनिक मदत मध्येच हडप करत आहेत. आपण स्वतः विमानातून उतरलो तर सामान अडवायची कोणाची हिंमत होणार नाही, असे त्याचे गणित होते. ज्याला आयुष्यभर आपले नाव नीट उच्चारा म्हणून भांडावे लागले, त्याने इथे त्या नावाचे वजन वापरायचे ठरवले. मला यात त्याग आणि हट्ट वेगळे काढता येत नाहीत.

विमान डीसी-७ जातीचे, चार इंजिनांचे आणि जुने होते. त्याच महिन्यात ते धावपट्टीलगतच्या खड्ड्यात जाऊन त्याचे पंखे दुखावले होते. वैमानिकाबरोबर पुरेसे पात्र कर्मचारी नव्हते आणि मर्यादेपेक्षा सुमारे ४,२०० पौंड अधिक भार होता. ३१ डिसेंबरच्या रात्री साडेनऊच्या सुमारास उड्डाण झाले आणि किनारा मागे पडताच ते समुद्रात कोसळले. आतले पाचही जण गेले. क्लेमेंतेचा देह सापडला नाही. त्याचा जिवलग सहकारी, कॅचर मॅनी सँगियेन, स्मरणार्थ झालेल्या प्रार्थनेला आला नाही, कारण त्या वेळी तो समुद्रात बुड्या मारणाऱ्या शोधपथकाबरोबर त्याला शोधत होता.

मृतांच्या कुटुंबीयांनी अमेरिकेच्या सरकारवर दावा केला. असे विमान विमानतळावरच अडवणे किंवा निदान प्रवाशांना धोक्याची कल्पना देणे हे हवाई वाहतूक प्रशासनाचे काम होते, असा त्यांचा मुद्दा होता. खालच्या न्यायालयाने तो मान्य केला, पण अपील न्यायालयाने १९७७ मध्ये निकाल फिरवला : सुरक्षिततेची जबाबदारी विमान चालवणाऱ्याची, सरकारची नव्हे. तेव्हा क्लेमेंतेला या धोक्यांपैकी किती ठाऊक होते हाच मूळ प्रश्न आहे. भार जास्त असल्याचे आणि विमानाच्या अपघाताचे त्याला कोणी सांगितले असे दिसत नाही. त्याला हट्टी म्हणा, पण जाणूनबुजून मरणात उडी घेतली असे म्हणू नका.

कुंपणावरची

हे वाचून माझे मत थोडे बदलले आहे. पूर्ण नाही. सैनिक मदत लुबाडत होते ही बाजू मला ठाऊक नव्हती.

शब्दवेडी

दोन शंका. तुम्ही ‘क्लेमेंते’ लिहिता. मी इतरत्र ‘क्लेमेंटे’ वाचले आहे. दुसरे म्हणजे वर ‘रोबेर्तो क्लेमेंते वॉकर’ असे पूर्ण नाव आले आहे. मग आडनाव वॉकर का धरत नाहीत?

सांजवारा

स्पॅनिशमधला ‘त’ दंत्य असतो, आपल्या ‘तळ्या’तला, ‘ट’ इंग्रजीच्या वाटेने येतो. या माणसाच्या बाबतीत तरी ती वाट टाळावी असे वाटले.

आडनावाचे असे : स्पॅनिश रीतीत आधी वडिलांचे आडनाव आणि त्यानंतर आईचे आडनाव लिहितात. आपण मधे वडिलांचे नाव घालतो; ते शेवटी आईचे माहेरचे आडनाव ठेवतात. त्याच्या आई लुइसा या वॉकर घराण्यातल्या. म्हणून बोलताना क्लेमेंते आणि पूर्ण लिहिताना क्लेमेंते वॉकर.

गल्लीतला यष्टिरक्षक

जॅकी रॉबिन्सनचा ४२ हा क्रमांक सर्वच संघांनी निवृत्त केला आहे ना? मग २१ का नाही?

अलेघेनीकाठ

ही मागणी फार जुनी आहे आणि प्वेर्तो रिकोच्या लोकांची तर ती भावनाच आहे. २००६ मध्ये रॉबिन्सन यांच्या कन्या शॅरन यांनी तिला जाहीर विरोध केला होता. ४२ चा मान वेगळा राहावा असे त्यांचे म्हणणे होते. माझे मत त्यांच्या बाजूचे आहे, पण कारण निराळे आहे. क्रमांक निवृत्त केला की तो भिंतीवर जातो. हल्ली १५ सप्टेंबरच्या आसपास क्लेमेंते दिन पाळतात तेव्हा प्वेर्तो रिकोचे खेळाडू निरनिराळ्या संघांत २१ चढवून उतरतात, आणि मला तो आकडा धावताना पाहायला अधिक आवडतो. समाजकार्य करणाऱ्या खेळाडूला दर वर्षी मिळणारा पुरस्कारही १९७३ पासून त्याच्याच नावाने दिला जातो.

सांजवारा

अलेघेनीकाठ यांच्या मताशी सहमत आहे. नावावरून चर्चा निघालीच आहे तर एक तपशील राहिला.

कूपर्सटाउनच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे बेसबॉलमधल्या थोरांच्या मानाच्या दालनात, जाण्यासाठी निवृत्तीनंतर पाच वर्षे थांबावे लागते. क्लेमेंतेसाठी तो नियम बाजूला ठेवून १९७३ च्या मार्चमध्ये खास मतदान झाले आणि ४२४ पैकी ३९३ मते त्याला मिळाली. तिथे पोहोचलेला तो लॅटिन अमेरिका आणि कॅरिबियनमधला पहिला खेळाडू. ऑगस्टमध्ये त्याची पत्नी व्हेरा यांच्या उपस्थितीत कांस्यफलक लागला आणि त्यावर नाव कोरले गेले : ‘रोबेर्तो वॉकर क्लेमेंते’. म्हणजे आईचे आडनाव इंग्रजी वळणाने मधल्या नावासारखे आत ढकलले गेले. सत्तावीस वर्षे ते तसेच होते. २००० मध्ये फलक नव्याने ओतला आणि शब्दांचा क्रम दुरुस्त केला.